दुलिबांच्या नोंदीवरची हरकत

राफाएल वाकृळकर वारले त्याच्या आदल्या दिवशी, सोमवारी सकाळी, बोहदान ओस्तापोविच दुलिबा यांनी आठव्यांदा पक्ष बदलला. वॉटफर्डमधल्या बाकी कुणाला याचा पत्ता नव्हता. पण वाकृळकरांच्या किचनमध्ये टोस्टला बटर लागायच्या आत बातमी जाहीर झाली.

"मध्यममार्गी औद्योगिक आघाडी सोडली," पप्पा चष्मा कपाळावर चढवत म्हणाले. "औद्योगिक मध्यममार्गी आघाडीत गेले."

"फरक काय दोघींत?" शेरॉनने विचारलं.

"पहिलीचे अध्यक्ष ते नव्हते."

शेरॉनने मान डोलावली, चहा ओतला आणि घड्याळाकडे पाहिलं. कॉलेजची लायब्ररी नऊला उघडायची, आणि किल्ली तिच्याकडे होती.

दुलिबा कोण, हे तिला पाढ्यांच्या आधी पाठ झालं होतं. पप्पा १९६९ साली भायखळ्याहून खारकिव्हला इंजिनिअरिंग शिकायला गेले, तेव्हा होस्टेलमध्ये शेजारच्या कॉटवर जो दांडगा मुलगा घोरायचा तो म्हणजे दुलिबा. पुढे ते एनॅमलच्या किटल्या बनवणाऱ्या कारखान्यात फोरमन झाले, मग संचालक झाले, आणि युक्रेन स्वतंत्र झाल्यावर खासदार. चार वेळा निवडून आले, तीन वेळा पडले, त्यातल्या एकदा तर दोन मतदारसंघांतून एकाच दिवशी पडले. एकेचाळीस दिवस ते हलक्या उद्योगांचे मंत्री होते. त्यातले नऊ दिवस सुट्टीचे गेले, आणि उरलेल्या दिवसांत त्यांनी प्रत्येक किटलीला शिट्टी असलीच पाहिजे असा कायदा आणला. पुढच्या सरकारने शिट्टी ऐच्छिक केली. त्याच्या पुढच्याने ती पुन्हा सक्तीची केली, पण हळू आवाजाची. सरकारं आली नि गेली. दुलिबा मात्र प्रत्येक पडझडीनंतर कपडे झटकून आपल्या जुन्या खुर्चीवर येऊन बसायचे. ती खुर्ची होती अखिल युक्रेन किटली व एनॅमलपात्र उत्पादक महासंघाच्या अध्यक्षांची.

आणि त्या महासंघाचे ब्रिटनमधले स्थायी प्रतिनिधी होते पप्पा, म्हणजे राफाएल वाकृळकर. बिनपगारी, पण रबरी शिक्का होता. ज्या देशात घरोघरी विजेची किटली, तिथे त्यांनी एकतीस वर्षांत चुलीवरच्या अकरा किटल्या खपवल्या. त्यातल्या चार पप्पांच्या मित्राने, लेव्ही अंकलनी, घेतल्या, त्याही भिडेखातर.

छापखान्यातली नोकरी संपल्यावर पप्पांनी सगळा वेळ दुलिबांना दिला. ते त्यांची भाषणं इंग्रजीत लिहायचे, महासंघाचं त्रैमासिक काढायचे, आणि इंटरनेटवरच्या एका फुकट ज्ञानकोशात दुलिबांची नोंद सांभाळायचे. ही नोंद म्हणजे त्यांचा प्राण. एखादं रोप असावं तसं ते रोज तिच्याकडे बघायचे, आज इथे एक तारीख, उद्या तिथे एक तळटीप.

"आज स्टीलवाल्याला उत्तर पाठवतोय," त्या सोमवारी ते म्हणाले. "तू एकदा वाचशील? जरा कडक झालंय का, ते बघ."

"संध्याकाळी बघते, पप्पा."

"त्याला आता शिट्टीच्या दुसऱ्या दुरुस्तीचा पुरावा हवाय. गाढव आहे. पण वाचतो हं. तळटिपासुद्धा वाचतो."

स्टीलवाला म्हणजे चौदा वर्षांपूर्वी त्या नोंदीवर हरकत घेणारा कुणी निनावी इसम. नोंदीच्या चर्चापानावर त्याने एक ओळ लिहिली होती: 'या व्यक्तीविषयीचे सर्व संदर्भ एकाच त्रैमासिकाकडे जातात, नोंद काढून टाकावी.' पप्पांनी ताबडतोब ओळखलं की हे स्टेनलेस स्टीलवाल्यांच्या लॉबीचं काम. त्यांनी चौदा पानी उत्तर दिलं. स्टीलवाल्याने सात शंका काढल्या. पप्पांनी त्या खोडल्या. त्याने नव्या काढल्या. नोंद काही निघाली नाही आणि भांडण काही मिटलं नाही.

स्टीलवाला शेरॉन होती.

यात तिचा हेतू वाईट नव्हता, धंद्याची सवय होती. २०११ साली एका दुपारी तिने सहज, लायब्रेरियन जसं बघेल तसं, ते पान तपासलं. पहिली तळटीप त्रैमासिकाकडे गेली, दुसरीही तिकडेच. तिसरी एका अहवालाकडे गेली, तो अहवाल त्रैमासिकाचा हवाला देत होता, आणि त्रैमासिक छापलं जात होतं तिच्या लहानपणच्या बेडरूमच्या शेजारच्या खोलीत. फोटो एकच, आणि त्यात टोपीच जास्त. युक्रेनियन वर्तमानपत्रांची नावं होती, ती तिला वाचता येत नव्हती. दुलिबांचं वॉटफर्डला यायचं एकोणीस वेळा ठरलं होतं आणि एकोणीस वेळा रद्द झालं होतं. दर वेळी पप्पा कोटाला इस्त्री करायचे आणि मम्मी खोबऱ्याचा हलवा करायची. शेरॉनने सगळं एकापुढे एक मांडलं आणि निष्कर्ष काढला की दुलिबा नावाचा माणूस नाहीच. पप्पांनी तो रचलाय.

पप्पांना हे तोंडावर सांगायचं धाडस तिला झालं नाही. म्हणून तिने निनावी हरकत घेतली. आणि मग उत्तर आलं, चौदा पानी, मुद्देसूद, मध्येच विनोदी. त्या उत्तरातले पप्पा तिने कधी पाहिले नव्हते. घरात ते बोलायचे आणि ती "हो पप्पा" म्हणायची, लहान मुलाला म्हणावं तसं. चर्चापानावर मात्र ती खरं बोलायची, आणि ते खरं उत्तर द्यायचे. पुढे यंत्र-भाषांतर आलं, युक्रेनियन पेपर बसल्या जागी वाचता येऊ लागले, दुलिबा आहेत की नाहीत हे पाच मिनिटांत कळलं असतं. तिने शोधलं नाही.

मम्मी गेली तशी ती या घरात परत राहायला आली. युक्रेनमध्ये लढाई सुरू झाली आणि पप्पा म्हणाले, दुलिबा नातीकडे लीड्सला आलेत. दर महिन्याच्या पहिल्या बुधवारी ते ट्रेन धरून "दुलिबांना भेटायला" जायचे. म्हातारा माणूस दिवसभर ट्रेनमध्ये बसून परत येतो, येऊ दे, असं समजून ती दोघांचे सँडविच बांधून द्यायची.

त्या सोमवारी लंच-ब्रेकमध्ये तिने लायब्ररीतल्या टेबलावर पप्पांचं उत्तर वाचलं. कडक झालं नव्हतं. शेवटी लिहिलं होतं: 'महाशय, आपण चौदा वर्षं माझ्या मागे लागला आहात. माझ्या माहितीत इतका वेळ मला कुणी दिलेला नाही.' उत्तर उद्या लिहू, असं ठरवून तिने ते पान बंद केलं. संध्याकाळी पप्पांनी विचारलं, "वाचलंस?" ती म्हणाली, "वेळच नाही मिळाला."

मंगळवारी सकाळी ते उठले नाहीत.

बुधवारी दफन झालं. यहुदी रिवाजाप्रमाणे आरसे झाकले, सोफ्यावरच्या गाद्या जमिनीवर आल्या. पप्पांच्या डायरीत 'मी गेल्यावर कळवणे' अशी यादी होती. पहिलं नाव लेव्ही अंकल, दुसरं दुलिबा, पुढे लीड्सचा फोन नंबर. यादीतलं नाव म्हणून तिने पप्पांच्याच मोबाइलवरून तो लावला. 'हा नंबर अस्तित्वात नाही' असं ऐकायच्या तयारीत ती उभी होती.

"काय रे राफ्या," पलीकडून एक घोगरा आवाज मराठीत म्हणाला, "मेलास की काय? फोन नाही, काही नाही."

ती गादीवर बसली.

गुरुवारी दुपारी दुलिबा दारात उभे राहिले. दार लहान वाटावं एवढा माणूस, पंचाहत्तरीचा, कोटावर तीन पदकं, हातात वर्तमानपत्रात गुंडाळलेली किटली. इंग्रजी त्यांना पप्पांच्या भाषणांपुरतं येत होतं, त्यामुळे 'सन्माननीय सहकारी' म्हटल्याशिवाय वाक्य सुरूच होत नसे. मराठी मात्र खणखणीत होतं, पप्पांकडून होस्टेलात शिकलेलं, आणि त्यात सगळे 'तू' होते.

"तू शेरॉन," ते म्हणाले. "सँडविच तू करायची. मी राफ्याला सांगितलं, पोरगीला सांग, काकडी कमी घाल. सांगितलं का त्याने?"

"नाही."

"भित्रा होता," असं म्हणून ते गादीवर बसले आणि बराच वेळ तोंडावर हात धरून रडले. मग नाक पुसून त्यांनी खोली न्याहाळली. "माणसं कमी आहेत."

तीच तर काळजी होती. मेलेल्यासाठी कद्दिश म्हणायचं तर प्रार्थनेला दहा पुरुष लागतात, आणि वॉटफर्डच्या आसपास आता आपली माणसं उरली होती किती? आदल्या संध्याकाळी सहा आले होते. सहांनी बाकीची प्रार्थना केली, कद्दिश गाळलं, आणि शेरॉनच्या नजरेला नजर न देता चहा प्यायले. मुलगा नाही, निदान कद्दिश तरी या घरात व्हावं, ही पप्पांची एकच मागणी होती आणि तिने हो म्हटलं होतं. या वेळचं 'हो' तिला खरं करायचं होतं.

"सोमवारी संध्याकाळी सुतकाचा सातवा दिवस लागतो," लेव्ही अंकल म्हणाले. ते ऐंशीचे, प्रार्थना तेच चालवायचे. "तोवर दहा झाले तर झाले. नाहीतर मी सगळ्यांना नॉर्थ लंडनच्या हॉलवर नेतो. तिथे माणसं असतात."

"पप्पांना घरी हवं होतं, अंकल."

"मला नको का होतं? पण माणसं काय मी घडवू, शेरॉन?"

"कमी किती?" दुलिबांनी विचारलं. "चार? चार म्हणजे काहीच नाही. किटली कायद्याच्या दिवशी सकाळी मला एकोणतीस मतं कमी होती. दुपारी दोन जास्त झाली. त्या दोघांना घरी पाठवावं लागलं."

"इथे मतं नकोत, मिस्टर दुलिबा. यहुदी पुरुष हवेत."

"तू लिही. एक, मी. माझी आई रोझा, तिची आई रिवका."

यहुदीपण आईकडून येतं, म्हणून लेव्ही अंकलनी आईच्या आईची आई विचारली, गाव विचारलं, कबर कुठे ते विचारलं. दुलिबांनी न चुकता उत्तरं दिली आणि वर रिवकाच्या हातच्या लोणच्याचं वर्णन केलं. सात झाले.

शुक्रवारी सकाळी त्यांनी पदकं लावली आणि ते मोहिमेवर निघाले. आयुष्यभर त्यांनी हेच केलं होतं, ते कसं करायचं हे शेरॉनला आता समोर दिसलं. कोपऱ्यावरच्या यहुदी डेंटिस्टकडे ते दात दाखवायच्या निमित्ताने गेले, दोन तास वेटिंग रूममध्ये बसले, आणि डेंटिस्टला घेऊन बाहेर पडले. मग हातात किटली घेऊन ते स्लाऊला गेले आणि एका गोदामाच्या निवृत्त मॅनेजरला घेऊन आले. तो माणूस तीस वर्षांत सिनेगॉगमध्ये गेला नव्हता, आणि आपण नेमके कशाला कबूल झालो हे त्याला नीट सांगता येत नव्हतं.

"तुम्ही काय सांगितलंत त्यांना?" शेरॉनने विचारलं.

"काही नाही. मी फक्त जात नाही. लोक कंटाळतात, मग हो म्हणतात. राफ्याने याला माझ्या चरित्रात 'दीर्घ संवादाचं धोरण' म्हटलंय."

रविवारी सकाळी नऊ झाले, आणि नवावर गाडी अडली.

"ही आहे की दहावी," दुलिबांनी शेरॉनकडे बोट केलं.

"आमच्यात बायकांना मोजत नाहीत," लेव्ही अंकल म्हणाले.

"का? हिला मत नाही?"

"मत आहे. भरपूर आहे. मोजत नाहीत."

"आमच्याकडे उलटं होतं. मोजायचे सगळ्यांना, मत एकाचंच असायचं."

लेव्ही अंकल हसले नाहीत. शेरॉनने दोघांना चहा दिला. दुलिबांनी एक घोट घेतला, आणि एकाएकी त्यांचा चेहरा उजळला.

"स्टीलवाला," ते म्हणाले.

शेरॉनच्या हातात साखरेचा डबा होता. तिने तो खाली ठेवला.

"कोण स्टीलवाला?" लेव्ही अंकल.

"राफ्याचा शत्रू. इथेच, या हर्टफर्डशर जिल्ह्यात राहतो, राफ्याने शोधून काढलं होतं. शनिवारी कधी लिहीत नाही. वल्हांडणाचे आठ दिवस गायब. राफ्या म्हणायचा, बोहदान, हा आपलाच, यहुदी माणूस आहे. म्हणायचा, या देशात मला वाचणारी माणसं दोन. एक तू, आणि तू वाचत नाहीस."

"शत्रूला कद्दिशला बोलवायचं?"

"शत्रू येतो रे. मित्रांना कामं असतात."

त्यांनी खिशातून फोन काढला आणि एका बोटाने, प्रत्येक शब्द मोठ्याने म्हणत, चर्चापानावर लिहायला सुरुवात केली. 'सन्माननीय विरोधक. राफाएल वाकृळकर यांचे निधन झाले आहे. उद्या सायंकाळी सात वाजता त्यांच्या राहत्या घरी एक माणूस कमी पडतो आहे. ते आपल्याला भेटू इच्छीत होते. आमच्या शेवटच्या भेटीत त्यांनी मला सांगितले की आपण उत्तर द्यायला उशीर केलात की त्यांना आपल्या तब्येतीची काळजी वाटते.'

शेरॉनच्या एप्रनच्या खिशात फोन थरथरला. कुणाचं लक्ष गेलं नाही.

"हे बघा," लेव्ही अंकल उठत म्हणाले, "असल्या भुताटकीवर मी थांबणार नाही. शेरॉन, दुपारपर्यंत दहावा नक्की झाला नाही तर मी हॉलवर कळवतो. राग मानू नकोस."

ती किचनमध्ये गेली. तिने दार लावून घेतलं. दुलिबांचा मजकूर तिने पुन्हा वाचला, त्याच्या वरचं पप्पांचं सोमवारचं उत्तर वाचलं, ज्याला कुणी उत्तर दिलं नव्हतं. चौदा वर्षांच्या सवयीने अंगठे चालले. 'येतो,' असं तिने लिहिलं, आणि पाठवलं.

बाहेर दुलिबा गरजले. लेव्ही अंकलनी चष्मा लावून ते एका शब्दाचं उत्तर तीनदा वाचलं आणि हॉलवर फोन केला नाही.

सोमवारी सात वाजता खोली भरली होती. डेंटिस्ट आला होता. स्लाऊचा मॅनेजर आला होता आणि त्याने कुणाची तरी जुनी टोपी डोक्यावर घातली होती, ती सारखी घसरत होती. दुलिबांनी दाराजवळ एक खुर्ची रिकामी ठेवली होती आणि तिच्यावर स्वतःच्या हाताने 'राखीव' अशी चिठ्ठी लावली होती. बाहेर अजून लख्ख उजेड होता. जूनची संध्याकाळ, समोरच्या घरातला माणूस गवत कापत होता.

सव्वासात झाले. "ट्रेन लेट असेल," मॅनेजर म्हणाला.

"हर्टफर्डशरमधून हर्टफर्डशरमध्ये यायला ट्रेन कशाला?" डेंटिस्ट म्हणाला. त्याला साडेआठला कुठे तरी जायचं होतं.

"तो पुरावा मागेल," दुलिबा म्हणाले. "दारात उभा राहील आणि राफ्या गेल्याचा दाखला मागेल. दाखला तयार ठेव, शेरॉन."

दोघेतिघे हसले. लेव्ही अंकलनी पुस्तक उघडलं, मिटलं, उघडलं. साडेसातला त्यांनी शेरॉनला हळूच बोलावलं.

"तुझ्या पप्पांचं नि याचं नक्की काय भांडण होतं गं?"

"दुलिबा आहेत की नाहीत, यावरून."

लेव्ही अंकलनी खोलीभर पसरलेल्या दुलिबांकडे पाहिलं. "आणि तो म्हणत होता नाहीत?"

"हो."

"मग येईल तेव्हा त्याला फार वाईट वाटेल," ते म्हणाले. मग पुस्तक मिटून म्हणाले, "पण आपण थांबू. राफाएलसाठी मी दिवे लागेपर्यंत थांबतो. माणसाने 'येतो' म्हटलंय."

ती कोपऱ्यात जाऊन उभी राहिली. नऊ म्हातारे दाराकडे बघत होते. समोरचं गवत कापायचं मशीन थांबलं. स्लाऊच्या मॅनेजरने टोपी सावरली. दुलिबा उठून खिडकीशी गेले, रस्त्याच्या दोन्ही टोकांना पाहून आले, आणि रिकाम्या खुर्चीची चिठ्ठी सरळ करून परत बसले. त्यांनी हे तीनदा केलं. चौथ्यांदा ते उठले तेव्हा शेरॉन म्हणाली, "बसा अंकल. कुणी येणार नाही."

"येणार. लिहिलंय त्याने."

"मी लिहिलंय," ती म्हणाली.

कुणाला काही कळलं नाही. लेव्ही अंकलनी कानाला हात लावला. "मोठ्याने बोल, शेरॉन."

तिने दुलिबांकडे पाहिलं नाही, लेव्ही अंकलकडेही नाही. जमिनीवर जिथे पप्पा लॅपटॉप मांडीवर घेऊन बसायचे ती जागा तिने निवडली, आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात मराठीत बोलली.

"पप्पा, स्टीलवाला मी होते. तुम्ही खोटं बोलता असं मला वाटायचं, आणि ते तुम्हाला विचारायची मला लाज वाटायची. सोमवारचं उत्तर मी त्याच दुपारी वाचलं होतं. कडक नव्हतं झालं. फार छान लिहिलं होतंत."